मुंड्यांची जागा

आमटेंभीची माणसं इथली नव्हेतच, असा सरकारी कागद झाला होता. तो करायला बाहेरचा कोणी वैरी लागला नाही. गावच्या वनहक्क समितीचा अध्यक्ष तुळशीराम भिलावेकर, यानंच भर सुनावणीत आपल्या हातानं गावाच्या पायावर धोंडा पाडून घेतला. आणि कहर म्हणजे तो एक अक्षर खोटं बोलला नव्हता.

आमटेंभी म्हणजे जळगाव जामोद सोडून सातपुड्यात शिरलं की तिसऱ्या धारेवर बसलेली बेचाळीस घरं. सगळी कोरकूंची. गावामागचा डोंगर उतरला की मध्य प्रदेश लागतो. त्यामुळं खालच्या गावातले लोक यांना 'तिकडचे' म्हणत आणि तिकडचे लोक 'महाराष्ट्रवाले' म्हणून हाक मारत. या बेचाळीस घरांनी आपल्या भोवतालच्या जंगलावर गावाचा सामूहिक हक्क मागितला होता. सुनावणीत साहेबांनी विचारलं, "तुमचे बापजादे कुठं आहेत?" तुळशीराम सरळ माणूस. म्हणाला, "तापीत." आता तापी वाहते डोंगरापलीकडं, बऱ्हाणपुराच्या अंगानं. झालं. लिहिणाऱ्यानं लिहून टाकलं, 'अर्जदारांचे पूर्वज मध्य प्रदेशात असल्याचे ते स्वतःच सांगतात, सबब स्थलांतरित.' त्यानंतर एक फेरतपासणी तेवढी उरली होती. तीत जुन्या वस्तीचा डोळ्यांना दिसेल असा पुरावा सापडला तर दावा वाचणार. नाही सापडला तर दावा फेटाळणार आणि बेचाळीस घरं अतिक्रमणात जाणार.

ही फेरतपासणी करायला तलाठी मंजुश्री इंगळे फाल्गुनातल्या एका सकाळी डोंगर चढून आली. पोरगी पिंपळगाव राजाची, सपाट काळ्या रानात वाढलेली. नाल्यापाशी मोटरसायकल ठेवावी लागली आणि तिथून पुढच्या चढानं तिचा जीव मेटाकुटीला आला. सोबत वनपाल निवृत्ती डोईफोडे. हा देऊळगाव राजाकडचा, बोलण्यात मराठवाड्याचा हेल. याच जंगलात आठ वर्षं काढलेली, आणि सागाच्या बाबतीत इतका कडक, की घरात बायकोनं नवा पोळपाट आणला तरी हा आधी पावती मागील, असं लोक म्हणत.

"मॅडम, एक सांगू का? इथं काही सापडायचं नाही," तो चालता चालता म्हणाला. "आठ वर्षं झाले फिरायलोय मी. जुनी विहीर नाही, बांधलेलं देऊळ नाही, एक दगड उभा नाही."

"मंग काय हे लोक वरून पडले काय, निवृत्तीभाऊ?"

"तेच तर कागदात लिहिलंय. तिकडून आले."

मंजुश्रीजवळ उत्तर होतं, दम नव्हता.

गावात मोहाचा वास भरला होता. पहाटे वेचलेली फुलं अंगणाअंगणात वाळत पडलेली. आंब्याखाली गाव जमलं. नियमाप्रमाणे आधीचा निकाल वाचून दाखवायचा असतो. मंजुश्रीनं तो वाचला, आणि सरकारी मराठी कोणाला कळली नसणार म्हणून सोपं करून सांगितलं, "यात असं लिवलं हाय का तुमचे बापजादे तिकडं मध्य प्रदेशात हायेत, म्हणून तुमी इथले नाई."

एका बाजूला फुलं निवडत एक म्हातारी बसली होती. फुलय तिचं नाव. ऐंशीच्या पुढची, गावातली सगळ्यात मोठी. तिनं हातातली फुलं खाली ठेवली.

"आमचे बुढे तिकडं? कोणं सांगतलं?"

शेवटी तुळशीरामच मान खाली घालून म्हणाला, "मीच, आजी. साहेबानं इचारलं बापजादे कुठं हायेत. मी म्हटलं तापीत. खोटं हाय का?"

फुलयनं त्याच्याकडं पाहिलं. त्या बिचाऱ्या पन्नाशीच्या गड्याला धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं.

"येड्या," ती म्हणाली, "तापीत हाडकं असतेत. माणसं तिथं राह्यतेत काय?" मग ती गुडघ्यावर हात टेकून उठली. "चाल बाई. तुले दाखवून देऊ आमचे बुढे कुठं हायेत ते."

तुळशीरामचा चेहरा पडला. तो म्हातारीशी कोरकूत भराभरा बोलला, तिनं ऐकलं नाही. मग तो मंजुश्रीला बाजूला घेऊन हळूच म्हणाला, "बाई, नोका जाऊ तिकडं. तिथं जे हाय ते समदं सागाचं हाय. आन् तुमच्यासंगं हा माणूस हाय."

"सागाचं म्हंजे काय हाय?"

तेव्हा त्यानं सांगितलं. गावात माणूस गेला की त्याच्या नावानं सागाचा खांब कोरतात. त्याला मुंडा म्हणतात. सगळे मुंडे खाली दरीत एका जागी उभे आहेत. बावीस वर्षांपूर्वी एक ट्रॅक्टर आला आणि कडेचे अकरा मुंडे उपटून, लाकूड म्हणून भरून घेऊन गेला. नेणारे खाकीतले होते की खाकी घातलेले चोर, हे आजवर कोणाला कळलं नाही. विचारायला जायची कोणाची छाती नव्हती, कारण विचारलं असतं तर साग तोडला कोणी, हा उलटा प्रश्न आला असता. त्या दिवसापासून गावानं वाटेवर बांबू लावून वाट बुजवली, आणि परक्या माणसासमोर त्या जागेचं नाव काढायचं नाही असं ठरवलं.

मंजुश्रीनं निवृत्तीकडं पाहिलं. तो आंब्याच्या बुंध्याला टेकून पाणी पीत होता. त्याला न घेता जावं, तर त्याच्या सहीशिवाय पंचनामा फुकट. त्याला घेऊन जावं, तर दाव्याचा पुरावाच गुन्ह्याचा मुद्देमाल व्हायचा.

"त्यालेबी घे," फुलय तिकडून म्हणाली. म्हातारीचे कान शाबूत होते. "त्याले लाकूड समजते."

बांबूच्या बेटातून वाकून, कधी बसून, ते अर्धा तास उतरत गेले. पुढं फुलय, आणि ती बांबूला जिथं हात घालील तिथंच हात घालत बाकीचे मागं. मग बांबू संपला आणि मंजुश्री जागीच थांबली.

समोर दरीचा रुंद तळ होता आणि त्यात माणसं उभी होती. पहिल्या क्षणी तिला खरंच तसं वाटलं. कोणी तिच्या कमरेएवढं, कोणी छातीएवढं, सगळी उगवतीकडं तोंड करून. मग तिला लाकूड दिसलं. दोनशेच्या वर खांब असतील. प्रत्येकावर वरती सूर्य आणि चंद्र, खाली घोड्यावर बसलेला माणूस. कुठं घोड्यामागं बाई, कुठं नाचणाऱ्यांची रांग. पुढच्या खांबांवर घोड्याची आयाळसुद्धा मोजता येत होती. मागं जावं तसं पावसानं कोरीव काम धुऊन नेलेलं, आणि अगदी मागच्या खांबांवर नुसता एक उंचवटा उरलेला, जो माहीत असलेल्यालाच घोडा दिसावा. इतकी माणसं इतकी वर्षं इथं उभी होती आणि खाली कागदावर त्यांचा पत्ता मध्य प्रदेश लिहिला होता.

सागाचा तुकडा दिसला की आधी तोडलेल्या झाडाचं थुटुक शोधणारा निवृत्ती, त्याच्यासमोर आता दोनशे सागाचे खांब होते. तुळशीराम त्याच्या हाताकडंच पाहत होता, वही कधी निघते म्हणून. निवृत्ती एका खांबाजवळ गेला, नख लावून पाहिलं, बोटानं ठोकलं. मग दुसऱ्याजवळ गेला. मग मागं मागं जात तो मधल्या एका मोहाच्या झाडाशी पोचला आणि तिथंच उभा राहिला.

"मॅडम, इकडं या," त्यानं हाक मारली.

मोह केवढा तर दोघांच्या मिठीत न मावणारा. त्याच्या बुंध्यात एक मुंडा शिरलेला होता. म्हणजे झाडानं वाढता वाढता त्याला साल घालून आत घेतलं होतं. बाहेर अर्धा सूर्य आणि घोड्याचं तोंड तेवढं दिसत होतं. बाकीचा घोडा आणि त्यावरचा माणूस झाडाच्या पोटात.

निवृत्तीनं टेप काढला. तुळशीरामनं न सांगता दुसरं टोक धरलं.

"घेर लिहा. पाच मीटर दहा." तो थांबला. "मॅडम, या उतारावर मोहाला एवढा घेर यायला दोनशे वर्षं तरी पाहिजेत. आणि हा खांब झाडानं आत घेतलाय. म्हणजे झाड पोरसवदा होतं तेव्हा हा इथं उभा होता. मी आठ वर्षं झाले इथल्या झाडांना नंबर घालायलोय. आणि हे माझ्या पायाखाली होतं."

"तापीचं काय ते सांग ना, आजी," मंजुश्री म्हणाली. "मले लिहायचं हाय."

फुलय एका मुंड्याला पाठ टेकून बसली, घरच्या भिंतीला टेकावं तशी. "माणूस गेला का त्याचं एक हाडूक ठेवतेत. मंग मुंडा कोरतेत, त्याले घोड्यावर बसवतेत, रातभर नाचतेत. त्याले शिडोली म्हनतेत. हाडूक तापीले देऊन येतेत, आन् माणूस इथं येऊन आपल्या बुढ्यात उभा राह्यते. साहेबानं हाडकं इचारली का माणसं, ते या येड्याले इचारा."

तुळशीराम कसनुसा हसला. मंजुश्रीनं सगळं लिहून घेतलं आणि विचारलं, "यातल्या कोणाची नावं सांगता येतील?"

मग फुलय उठली आणि एकेका मुंड्याला हात लावत चालू लागली. हा सानू, याची बाई बोको. हा तिचा भाऊ, याले अस्वलानं फाडलं. ही माझी सासू, हिचा हात लई गोड होता. मंजुश्री मागून लिहीत चालली. वीस झाली, चाळीस झाली, हात दुखायला लागला, म्हातारी थांबेना. मंजुश्रीला आपले आजोबा पुंजाजी आठवले. त्यांच्या आजोबांचं नाव तिनं लहानपणी विचारलं होतं. आबा म्हणाले होते, "लिवणारानं लिवलंच नाई पोरी, नुसती जात लिवली." इंगळ्यांच्या घरात आबांच्या वडिलांमागं सगळा अंधार होता. आणि इथं एक अंगठाबहाद्दर म्हातारी कितीतरी पिढ्यांतून चालत गेली होती, कुठं न अडखळता. मंजुश्रीला तिचा हेवा वाटला, आणि हेवा करताना डोळे भरून आले. तिनं ते ओढणीनं पुसले आणि पुढचं नाव लिहिलं.

एक्याऐंशी नावं झाली. मागच्या धुतलेल्या मुंड्यांपाशी आल्यावर फुलयनं हात जोडले. "यायची नावं मले ठाव नाई. पन हायेत."

"आन् बावीस वर्षांतले?" मंजुश्रीनं विचारलं. "त्या ट्रॅक्टरनंतर गेलेले? त्यायचीबी नावं दे आजी. जेवढी जास्त तेवढं बरं."

"त्यायचं नोको लिवू."

"काऊन?"

"ते आले कुठं अजून?" फुलय म्हणाली. "आमच्या कुळातले सातजण हायेत. माझा माणूस त्यात पयला. साग तोडाचं भेव, म्हणून मुंडा नाई. मुंडा नाई म्हणून शिडोली नाई. घरात आढ्याले हाडूक टांगून हाय त्याचं, एकोणीस वर्सं झाली. रोज दिसते. जो इथं आलाच नाई त्याले इथं हाय म्हणून कशी सांगू? बुढे ऐकून राह्यले."

तुळशीराम तोंड फिरवून उभा राहिला, त्या सातांत त्याचा बाप होता.

मंजुश्री मोहाच्या मुळीवर बसली आणि पंचनामा पुरा करू लागली. मुंड्यांची संख्या, घेर, नावं. शेवटी तिची लेखणी थांबली. काय लिहावं हे तिला कोणत्याच नमुन्यात सापडणार नव्हतं, म्हणून तिनं तिला कळलं तसं लिहिलं आणि मोठ्यानं वाचलं, "कुळातील सात मयत व्यक्ती अद्याप या ठिकाणी यावयाच्या आहेत."

"यावयाच्या म्हंजे?" फुलयनं विचारलं.

"येणार हायेत."

फुलयनं मान डोलवली. मग सगळ्यांनी निवृत्तीकडं पाहिलं. मेलेली माणसं यायची आहेत असल्या कागदावर वनपालाची सही, म्हणजे चौकशीला आमंत्रण. त्यानं कागद हातात घेतला. पहिल्या ओळीपासून शेवटपर्यंत वाचला. शेवटच्या ओळीवर त्याचं बोट थांबलं.

"मॅडम, हे अर्धवट आहे," निवृत्ती म्हणाला. "का आले नाहीत ते लिहायचं राहिलं."

त्यानं तिच्या हातातून पेन घेतलं आणि आपल्या किरट्या अक्षरात त्याच ओळीपुढं स्वतः लिहिलं, 'सागाचे लाकूड मिळण्याचा हक्क नसल्याने.' त्याखाली सही केली, हुद्दा लिहिला, तारीख टाकली. मग शाईचा पॅड उघडून तो फुलयसमोर उकिडवा बसला आणि तिचा अंगठा धरून नीट टेकवला.