कळीशी बोलायचं, लेकीशी नाही

माझी लेक बोलकी पिकवते. बोलकी हे फुलाचं नाव, पण माझं ऐकाल तर त्याला रुसलेला जावई म्हणा. त्याला अंधार हवा पण गारठा चालत नाही, पाणी हवं पण जास्त झालं की मान टाकतं. आणि त्याचा कांदा कुंडीत लावल्यापासून फूल उमलेपर्यंत रोज एकाच माणसानं त्याच्याशी बोलत बसायचं. उमललं की ते त्या माणसाच्या आवाजात एक वाक्य बोलतं. सुकवून बरणीत ठेवलं, तर झाकण उघडाल तेव्हा तेच वाक्य, वर्षानुवर्षं.

लेकीचा या कामात हात धरणारं गल्लीत कुणी नाही. तिच्या अंधाऱ्या खोलीच्या भिंतींना जाड कांबळी ठोकलेली आहेत. गिऱ्हाईक आत बसतं, ती दार लावून बाहेर थांबते. आत दुसऱ्या कुणी ब्र काढायचा नाही, हा तिचा नियम. कारण बोलकी जास्त वेळा बोललेलं धरत नाही, जीव तोडून बोललेलं धरते.

माझ्या गळ्यात गाठ निघाली. डॉक्टर म्हणाले, गाठ काढायलाच हवी, पण आवाज जाईल.

"सगळा?" मी विचारलं.

"सगळा."

माझ्या धाकट्या जावेला हे सांगितलं, तेव्हा ही बातमी वाईट आहे की चांगली हे ठरवायला तिला जरा वेळ लागला. मग ती रडली.

लेक रडली नाही. तिनं त्याच संध्याकाळी माझ्यासाठी कांदा लावला. तिला दिवस गेले होते. "बाळाला आजीचा आवाज ऐकवायचाय मला," म्हणाली. मलाही तेच हवं होतं, खोटं कशाला बोलू? नातवंडाला हाक मारायला मी असणार, पण हाक नसणार, या विचारानं माझा घास घशाखाली उतरत नव्हता.

पण कुंडीसमोर बसलं की काही सुचायचंच नाही. जन्मभर माझ्या तोंडाचा पट्टा कधी थांबला नाही, आणि इथे मी पाहुण्यांसमोर गाणं म्हणायला उभ्या केलेल्या पोरीसारखी गप्प. शेवटी डोळ्यांना दिसेल ते बोलायला लागले. "खोली कोंदट झालीये. या कांबळ्यांना ऊन कधी दाखवलं होतंस? आणि कांदा किती उथळ लावलायस!"

दार उघडलं. लेक आत. "आई, नीट बोल ना!"

"तू बाहेर हो आधी. नियम तुझाच आहे."

"मग काहीतरी मायेचं बोल."

"माया अशी हुकमावर येते का गं?"

दुसऱ्या गिऱ्हाइकांच्या वेळी ही दाराबाहेर दगडासारखी उभी राहते. माझ्या वेळी दाराला कान लावून, आणि मी वाकडं बोलले की आत. रोज तेच. मी पावसाला शिव्या दिल्या की आत, जावेची नक्कल केली की आत. माझा नुसता तिळपापड व्हायचा.

खोलीबाहेर तर याहून वाईट. तिथे बोलायचीच बंदी. "आवाज जपून ठेव, आई," म्हणत ती ओठांवर बोट ठेवायची. मला तिला कितीतरी सांगायचं होतं. तिच्या वेळी मी किती घाबरले होते, कळा सुरू झाल्यावर शेजारणीचा हात कसा चावला होता, तिला पहिल्यांदा मांडीवर घेतलं तेव्हा काय वाटलं होतं. मी तोंड उघडलं की तिचं बोट वर. "ते आत जाऊन कळीला सांग."

कळीला काय करायचंय माझ्या बाळंतपणाचं? मी नाही सांगितलं. हट्टी मी, आणि हट्टी माझ्या पोटचीच.

दवाखान्यात जायच्या दिवशी कळी टपोरी फुगली होती, पण उमलायचं नाव नाही. लेक आत येऊन माझ्यासमोर जमिनीवर बसली. डोळे भरलेले. "आई, नीट बोल ना," ती म्हणाली. आवाज फाटला होता तिचा.

मी तिच्याकडे पाहिलं. तोंडातून आलं ते एवढंच, "पाय केवढे सुजलेत तुझे. खाली नको बसूस."

तिनं कपाळावर हात मारून घेतला आणि ती उठून गेली. त्यानंतर डॉक्टरांच्या प्रश्नांना हो-नाही म्हटलं तेवढंच. माझा आवाज तिथे संपला.

घरी आले तेव्हा गळ्याला पट्टी होती. लेकीनं कुंडी माझ्या खाटेशी आणून ठेवली. पाकळ्या सुटायला लागल्या होत्या. ती पोटावर हात ठेवून कुंडीवर वाकली, मीही कोपरावर उठले. फूल पुरतं उमललं आणि बोललं.

"आई, नीट बोल ना."

आवाज तिचा होता. शेवटच्या दिवशी फाटला होता, तसाच फाटलेला.

ती कंबरेला हात देत सरळ झाली. मग म्हणाली, "मीच आत येत राहिले. गिऱ्हाइकाच्या सख्ख्या भावाला मी उंबऱ्याच्या आत घेत नाही, आणि मीच." दुसरं काही ऐकू येईल म्हणून तिनं कुंडी हलवून पाहिली. फुलानं तेच वाक्य पुन्हा म्हटलं.

मला संताप आला. फुलाचा आला, तिचा आला, त्या सगळ्या गप्प बसवलेल्या दिवसांचा आला. ती कुंडी उचलून भिंतीवर आपटावी असं वाटलं, पण मला तर उशीसुद्धा उचलवत नव्हती.

तिनं कुंडी बाजूला सरकवली, खाटेच्या कडेला बसली आणि माझा हात धरला.

"आई, बोल ना," ती म्हणाली. "काहीही बोल. शिव्या दे मला."

आता तिला ऐकायचं होतं. मी तोंड उघडलं. नुसती हवा आली.