मानाचा पट्टा

बाळ झाल्यावर तिने जिम लावलं ते बारीक व्हायला नव्हे. बाळासकट बाबागाडी उचलून जिना चढताना मधल्याच मजल्यावर तिला धाप लागायची, आणि सासूबाई वरून विचारायच्या, "पाठवू का कुणाला वर ओढायला?" त्या विचारण्याचा राग येऊन ती दुसऱ्याच दिवशी गॅरेजच्या माडीवरच्या जिममध्ये नाव घालून आली. बायकांच्या सकाळच्या बॅचमध्ये तिचं नाव पडलं 'बाळंतीण'. बाळ रांगायला लागलं तरी ते नाव काही सुटलं नाही.

आता तिचा दिवस जवळ आला होता. आपल्याइतक्याच वजनाची दांडी जमिनीवरून उचलून ताठ उभं राहायचं. हे जमलं की या जिममध्ये नाव फळ्यावर लागायचं. आणि त्यासाठी कमरेला बांधायचा तो मानाचा पट्टा. जिमचे मालक, सगळ्यांचे दादा, तरुणपणी तो पट्टा बांधून स्पर्धा जिंकले होते आणि अजूनही अधूनमधून बांधायचे. तेव्हापासून फळ्यावरच्या प्रत्येकाने तोच बांधला होता. तो कधी पुसायचा नाही, हा दादांचा दंडक. इतक्या जणांचा घाम जिरलाय त्यात, तो पुसला तर उरलं काय, म्हणायचे. चामडं काळंकुळकुळीत झालं होतं, आणि पट्ट्याच्या आधी त्याचा वासच येऊन उभा राहायचा.

मास्तरीणबाई म्हणजे तिची जिममधली मैत्रीण, शाळेत गणित शिकवायची. एकदा कपडे बदलायच्या खोलीत तिने आपली कंबर दाखवली. नाण्याएवढा लाल चट्टा, कडा उठलेल्या. डॉक्टरांनी गजकर्ण म्हणून मलम दिलं होतं आणि दुसऱ्याचा टॉवेल, कपडे वापरता का, असं विचारलं होतं. मास्तरीणबाईने त्यांना सांगितलं होतं, की मी तर नवऱ्याचाही टॉवेल वापरत नाही. दोघी हसल्या, आणि विषय तिथेच राहिला.

त्या संध्याकाळी ती बाळाला कडेवर घेऊन दूध तापवत होती. बाळाची उघडी मांडी तिच्या कमरेला चिकटलेली, नेमकी पट्टा बसतो त्या जागी. तिने गॅस बंद केला. मास्तरीणबाईने हल्लीच पट्टा बांधला होता. त्याआधी बांधला होता बॅचमधल्या शिवणवालीने, आणि तीही व्यायाम सोडून सारखी कंबर खाजवत असायची.

रात्रभर तिच्या मनाची चलबिचल चालली. पट्टा बांधायचा या एका आशेवर तिने इतके महिने हाडं मोडून घेतली होती. नवऱ्याला फोटो काढायलाही बजावून ठेवलं होतं.

ठरल्या दिवशी दादांनी पट्टा दोन्ही हातांवर तोलून आणला.

"दादा, मी पट्टा बांधणार नाही."

दादांना वाटलं, पोरगी घाबरली. पट्टा कंबर धरून ठेवतो गं, म्हणाले. मग तिने सगळं सांगितलं, मास्तरीणबाईचं, शिवणवालीचं, डॉक्टरांचं. मागून कुणीतरी पुटपुटलं, बाळंतिणीचे नखरे. दादांचा चेहरा उतरला आणि मग कडक झाला. पट्टा नाही, तर नाव फळ्यावर लागणार नाही, त्यांनी सांगून टाकलं.

"नका लावू," ती म्हणाली. "माझं बाळ या कमरेवर बसतं. इथून मला घरी थकवा न्यायचाय, चट्टे नाही."

दादा पट्टा एका हातात धरून तसेच उभे. त्यांचा मोकळा हात नकळत स्वतःच्या कमरेशी गेला आणि खसाखसा खाजवून आला. शिवणवालीने पाहिलं. मास्तरीणबाईने पाहिलं. शेवटी दादांच्याही लक्षात आलं.

"उकाडा फार आहे," ते म्हणाले.

"मलाही आधी उकाडाच वाटला होता," मास्तरीणबाई म्हणाली. "मलम मी देईन तुम्हाला, अर्धी ट्यूब उरलीय."

हसू आवरेना कुणाला, आणि सगळ्यात शेवटी दादांनाही. त्यांनी पट्टा आपल्या जुन्या फोटोशेजारी टांगला, कुणाचा हात पोहोचणार नाही इतका उंच. साबणाने हात धुतले. कोपऱ्यात शोभेला ठेवलेली जंतुनाशकाची बाटली आणि एक धुतलेलं फडकं घेतलं, आणि दांडी या टोकापासून त्या टोकापर्यंत पुसली. घाई न करता पुसली. स्पर्धेआधी स्वतःची दांडीही ते अशीच न्याहाळत असतील.

"ये," म्हणाले. "आता दांडी तुझी."

ती वाकली. दांडी गार होती, स्वच्छ होती. पोटरीपासून मानेपर्यंत सगळं अंग ताणलं गेलं, आणि एका क्षणी तिला कळलं की आपण ताठ उभ्या आहोत. दादांनी खडू शोधून फळ्यावर स्वतः लिहिलं, बाळंतीण. पुढच्या वेळी ज्याची पाळी असेल त्याची दांडी हिने पुसायची, हेही तिथेच ठरलं. मान तोच राहिला, फक्त कमरेवरून हातात आला.

घरी दार उघडताच बाळाने दोन्ही हात पसरले. ती बाजूने निसटून थेट न्हाणीघरात गेली. बाळाने भोकाड पसरलं. सासूबाई ओरडल्या, घे गं त्याला, रडून लाल झालंय.

"आधी अंघोळ, आई."

ओल्या केसांनी बाहेर येऊन तिने बाळाला कडेवर घेतलं, तेव्हा सासूबाई फोनवर आपल्या बहिणीशी बोलत होत्या. आवाज मुद्दाम चढा, खालच्या मजल्यावर ऐकू जावा असा.

"अगं, स्वतःएवढं वजन उचलते आमची सून. आणि अंघोळ केल्याशिवाय नातवाला बोट लावत नाही. तुझ्याकडे आहे का कुणी अशी?"