हौसाबाईंची बाजूची चाल

मंगळवारी सकाळपासून हौसाबाईंना समोर पाऊल टाकता येईना. त्या डावीकडे सरकू लागल्या, आणि त्यांना भिंत लागू नये म्हणून घरही त्याच दिशेने लांबत गेले. दुपारपावेतो माजघर चुलीपासून सात खोल्या दूर गेले होते. वहिनींनी काल खेकडे खाल्ले होते काय, असे शेजारच्या गजराबाईने विचारून घेतले.

डॉक्टर घरी आले. त्यांनी हौसाबाईंचे सरकणे पाहिले व कागदावर ‘साइडल’ हा इंग्रजी शब्द लिहिला. हे केव्हापासून, असे त्यांनी यजमान यादवरावांना विचारले. एकतीस वर्षे ते पुढे चालत आले होते, आणि हौसाबाई रीतीप्रमाणे दोन पावले मागे. वळून पाहण्याचा प्रसंग कधी उद्भवला नव्हता.

यादवराव नगरवाचनालयात पुस्तके बांधीत. शिक्षण मात्र सातवीपर्यंतच. सबब तो कागद घेऊन ते ग्रंथपाल सबनीसांकडे गेले. सबनीसांनी कोश उघडला.

“आपण जातच नाही अशा बेताने, बाजूबाजूने सरकणे,” त्यांनी अर्थ सांगितला. मग उत्पत्ती वाचली. ‘तिरके, कडेने’ असे सांगणारा शब्द फार जुना होता. हे क्रियापद त्यातून पुष्कळ मागाहून निघाले.

“म्हणजे चालणं नंतरचं?”

“हो. आधी नुसताच तिरकेपणा होता. तीनशे-चारशे वर्षं.”

“आणि परत येण्याचं काय लिहिलंय, साहेब?”

सबनीसांनी पान उलटले. पुढची सर्व पाने कोरी होती.

“बांधणी तुमचीच आहे, यादवराव,” ते म्हणाले.

घरी हौसाबाईंपर्यंत पोहोचण्यास त्यांना सतरा खोल्या ओलांडाव्या लागल्या. प्रत्येक खोलीत तीच खाट होती व तिच्यावर त्यांचाच घडी घातलेला सदरा होता. अठराव्या खोलीत हौसाबाई सरकत होत्या. बाजूने जाणाऱ्या माणसाचे तोंड आपल्याकडेच असते, हे यादवरावांना प्रथमच कळले.

“हौसा, थांब.”

“मी कधीची निघालेय,” त्या म्हणाल्या. “तुम्हाला आत्ता दिसलं. चहा झाकून ठेवलाय, तेवढा घ्या.”

यादवरावांनी त्यांचा हात धरला. हौसाबाईंनी तो सोडवून घेतला नाही. सांज झाली तेव्हाही तळवा यादवरावांच्या मुठीत तसाच ऊबदार होता. कोपर पलीकडच्या खोलीत गेले होते, आणि दंड त्याच्याही पुढच्या दारातून आत वळला होता.