पाण्यात उतरू नका

माझे धाकटे दीर फिदेलियो उइकाब गाइड होते. समुद्रकाठच्या हॉटेलांतून सकाळी पाहुण्यांची व्हॅन भरायची, आधी चिचेनचा माया लोकांचा जुना पिरॅमिड दाखवायचा, ऊन डोक्यावर आलं की आमच्या शुनाब गावच्या डोहावर आणायचं, पोहायला सोडायचं, जेवू घालायचं आणि अंधाराच्या आत परत पोचवायचं, हे त्यांचं काम. जेवण माझ्याकडे असायचं. डोहाच्या तोंडाशी ताडाच्या पानांनी शाकारलेला माझा मांडव होता. घेवड्याचे शेंगदाण्यांएवढे काळे दाणे, खड्ड्यात पुरून भाजलेलं मांस, आंबट संत्र्याच्या रसातला कांदा आणि मक्याच्या गरम भाकऱ्या.

भाऊजी बोलायला गोड. पिरॅमिडसमोर पाहुण्यांना उभं करून टाळी वाजवायला लावायचे, मग दगडांतून पाखराच्या शिळेसारखा आवाज परत यायचा आणि सगळे खूश व्हायचे. रोज कोणीतरी विचारायचंच, की हे बांधणारी माया माणसं गेली कुठं? भाऊजी चेहरा गंभीर करून सांगायचे, "एक इथं उन्हात उभा आहे. दुसरी तिकडं तुमच्यासाठी भाकऱ्या थापतेय. उशीर केलात तर ओरडा मला बसेल." मग व्हॅन मांडवाशी थांबली की पाहुणे माझ्याकडे बघून हसायचे, आणि मला कळायचं की आजही माझी बदनामी झालेली आहे.

डोह गावाचा, जमिनीखालच्या गुहेतला. मी लग्न होऊन आले तेव्हा त्यात बाटल्या, टायर, मोडक्या सायकली, एक फ्रिजसुद्धा पडलेला होता. मग गावानं एक होऊन तो उपसला. पुरुष दोराला बांधून खाली उतरले, आम्ही बायकांनी वरून बादल्या ओढल्या. लाकडी जिना बांधला, पोहणाऱ्यांसाठी फुगीर जाकिटं आणली. अंगाला लावलेलं क्रीम धुतल्याशिवाय कोणी जिन्यावर पाय ठेवायचा नाही, हा नियम. माझा नवरा रुसेल तिथंच उभा राहून जाकिटं वाटायचा आणि क्रीमवाल्यांना परत नळाखाली पाठवायचा. डोहाच्या भिंतीत तोह पक्ष्यांची बिळं होती. छताच्या भोकातून उन्हाचा एक खांब थेट पाण्यात उतरायचा, आणि त्यातून ते लांब शेपट्यांचे पक्षी निळे होऊन जायचे. त्या पाण्यावर आमची घरं चालत होती.

दक्षिणेला, जंगलाच्या पलीकडे, डुकरांच्या शेडी आल्या. आधी नुसता वास यायचा, तोही वारा फिरला तर. शेडी धुतलेलं पाणी ते मोठ्या खड्ड्यांत सोडत. आमच्याकडे माती म्हणजे बोटभर, खाली सगळा भोकाभोकांचा दगड. वर जे ओताल ते खाली जातं आणि खालचं पाणी सगळं एकच. हे आमच्यात शेंबड्या पोरालाही माहीत आहे.

आधी डोहातले काळे मासे उलटे तरंगायला लागले. रुसेल पहाटे जाऊन ते जाळीनं गोळा करायचा आणि पाहुणे यायच्या आत पुरून टाकायचा. मग तोह पक्षी आले नाहीत. मग गावातल्या पोरांच्या अंगावर पुरळ उठलं. माझी नेइदी रोज डोहात डुंबायची, तिचा कान वाहायला लागला, तापानं ती फणफणली. दवाखान्यातल्या डॉक्टरणीनं दार लोटून घेतलं आणि मला सांगितलं की पोरीला त्या पाण्यात पुन्हा घालू नकोस, पण हे मी सांगितलं म्हणून कुठं बोलू नकोस.

गावाची सभा भरली. आमचे कारभारी नेमेसियोकाका म्हणाले की आपण मेरिदाच्या सरकारी कचेरीत तक्रार देऊ, अधिकारी येतील, शेडी बंद होतील, तोवर कोणी बाहेर बोलायचं नाही. बोललात तर डोह बंद, आणि डोह बंद तर चुली बंद. सगळ्यांनी माना हलवल्या. भाऊजींनीसुद्धा. अधिकारी खरंच आले. बाटल्यांत पाणी भरलं, माझ्याकडे पोटभर जेवले, भाकऱ्यांची तारीफ केली आणि गेले. पुन्हा त्यांचं काही कळलं नाही.

भाऊजी पाहुण्यांना आणत राहिले. पण पाहुणे पाण्यात असताना ते आता वर माझ्याजवळ येऊन बसायचे, मक्याचं पीठ बोटांनी चिवडायचे. मी पीठ ओढून घ्यायची. "पाणी गिळलं नाही तर काही होत नाही," असं एकदा स्वतःशीच म्हणाले. घरात माझी पोर कान धरून झोपलेली होती.

ती बाई आली तो दिवस कोरड्या उन्हाचा होता. उत्तरेकडची, वाळवंटातली, ओफेलिया नावाची. तिच्या कडेवर दोनेक वर्षांचं पोर होतं, बारीक अंगाचं, सदऱ्याच्या गळ्यातून छातीवरचा लांब व्रण दिसायचा. हृदयाचं ऑपरेशन झालं होतं त्याचं. पोर जगलं तर जुन्या लोकांच्या पवित्र पाण्यात त्याला न्हाऊ घालीन, असं तिनं मनाशी धरलं होतं. नवरा सोबत नव्हता. पिरॅमिडपाशी भाऊजींनी नेहमीसारखं सांगितलं होतं की आमच्या पूर्वजांच्या लेखी हे डोह म्हणजे पावसाच्या देवाचं घर, इथलं पाणी आईच्या दुधासारखं. पोटासाठी रोज सांगायचे ते. ती मात्र ते ऐकून रडली होती.

रुसेलनं तिला जाकीट दिलं, पोराला लहान जाकीट शोधून दिलं. ती नळाखाली भिजून आली आणि जिन्याकडे निघाली. भाऊजी जिन्याच्या तोंडाशी उभे होते. म्हणाले, पाणी फार गार आहे, पोराला सोसायचं नाही. ती हसली, म्हणाली नुसतं डोकं भिजवते. ते म्हणाले, पायऱ्या निसरड्या आहेत. ती म्हणाली, मग भाऊ, तुम्हीच घ्या ना याला, तुमच्या हातून झालं तर अजून चांगलं. आणि तिनं पोर त्यांच्यापुढं धरलं.

मी तव्यापाशी होते. भाऊजींनी पोर घेतलं. पोरानं त्यांच्या टोपीला हात घातला. ते तसेच उभे राहिले, आणि मग आधी स्पॅनिशमध्ये, मग इंग्रजीत, सगळ्यांना ऐकू जाईल असं बोलले.

"पाण्यात उतरू नका. पाणी खराब आहे. वर डुकरांच्या शेडी आहेत, त्यांची घाण यात येते. आमची पोरं आजारी आहेत."

खाली दोघं-तिघं आधीच पोहत होते. ते धडपडत वर आले, नळाखाली गर्दी झाली. कोणी भाऊजींना शिव्या दिल्या, कोणी मोबाइल काढून डोहाचे फोटो घेतले. ओफेलियानं पोर परत घेतलं, छातीशी धरलं आणि व्हॅनमध्ये जाऊन बसली. ती रागावली नव्हती. तिचा चेहरा देवळाचं दार बंद मिळालेल्या माणसासारखा झाला होता.

जेवण मांडलेलं होतं. एकानं मला विचारलं की स्वयंपाकाला कुठलं पाणी वापरता. मी म्हटलं, विकतचं, जारमधलं, आणि रिकामे जार दाखवले. त्यानं मान हलवली, पण पानाला कोणी शिवलं नाही. व्हॅन गेली. त्या दिवशीच्या भाकऱ्या मी कोंबड्यांना घातल्या.

संध्याकाळी रुसेल भावाच्या दारात गेला. मी मागं उभी होते.

"एका परक्या बाईसाठी अख्खं गाव बुडवलंस," तो म्हणाला.

"पोर माझ्या हातात होतं, दादा."

"आमची पोरं कुणाच्या हातात आहेत? त्यांना काय घालायचं, सांग."

भाऊजी माझ्याकडे वळले. "वहिनी, तुम्ही सांगा. तुम्ही घातलं असतंत का त्याला पाण्यात?"

मी म्हटलं, "नाही." रुसेलनं माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही, पण त्या रात्रीपासून आपलं पान तो स्वतःच वाढून घ्यायला लागला.

सहलींच्या कंपनीनं भाऊजींना काढलं आणि शुनाबचं नाव सहलीतून काढून टाकलं. बाकीच्या व्हॅनही थांबल्या. मोबाइलवरचे फोटो सगळीकडे गेले होते. गावात कोणी भाऊजींच्या अंगावर गेलं नाही. फक्त ते दुकानात शिरले की बोलणं थांबायचं. बेसबॉलच्या मैदानावर ज्यांच्याबरोबर ते लहानपणापासून खेळले, ते त्यांना संघात घ्यायचं विसरायला लागले.

त्यांना मात्र वाटत होतं की आता बोभाटा झालाच आहे तर काहीतरी होईल. ते मेरिदाला जाऊन सरकारी कचेरीसमोर पुठ्ठ्याची पाटी घेऊन उभे राहायचे. पहिल्या वेळी सोबत गावातले चौघं होते, पुढच्या वेळी ते आणि मी. एका वर्तमानपत्रात बातमी आली, त्यात गावाचं नाव चुकीचं छापलं होतं. कचेरीतल्या माणसानं आम्हाला पाणी प्यायला दिलं, खुर्च्या दिल्या, आणि सांगितलं की साहेब बदलले आहेत, तक्रार नव्यानं द्यावी लागेल. परतीच्या बसमध्ये भाऊजी खिडकीला डोकं टेकून बसले होते. म्हणाले, "वहिनी, त्यांनी दारातून हाकललं असतं तर बरं झालं असतं. भांडता तरी आलं असतं."

मग शेडीवाल्यांचा माणूस गावात आला. तरुण, इस्त्रीचा सदरा, सगळ्यांशी हात मिळवणारा. त्यांना अजून शेडी घालायच्या होत्या आणि गावाची सामायिक जमीन भाड्यानं हवी होती. प्रत्येक घरातल्या एकाला नोकरी, शाळेला नवं छप्पर, आणि घाण साफ करायचं यंत्र पुढंमागं येईल, असं त्यानं सांगितलं. सभेला सगळे आले. भाऊजी उठून बोलले, चांगलं बोलले. पिरॅमिडपाशी बोलायचे तसं नाही, अडखळत, हात कुठं ठेवावा ते न कळून. लोकांनी ऐकून घेतलं. मागून कोणीतरी शांतपणे म्हणालं, "फिदेलियो, आता डोहावर व्हॅन आणून दाखव, आम्ही शेडींना नाही म्हणतो." कोणी हसलं नाही.

मग माझ्या सासूबाई उठल्या. त्यांना स्पॅनिश येत नाही, त्या आपल्या माया भाषेतच बोलतात. सासऱ्यांच्या मागं जमिनीचा हिस्सा त्यांच्या नावावर होता, म्हणून त्या पुढं बसल्या होत्या. इस्त्रीवाल्या माणसाकडे बोट करून त्यांनी विचारलं, "बाळ, तुझ्या घरी प्यायला पाणी कुठून येतं?"

तो हसून बघत राहिला. त्याला काही कळलं नव्हतं. आजी काय म्हणतात, असं त्यानं नेमेसियोकाकांना विचारलं. काकांनी पुढ्यातले कागद सारखे केले. मग म्हणाले, "आजी म्हणतात, तुमचं गावात स्वागत आहे."

त्या माणसानं छातीवर हात ठेवून सासूबाईंना वाकून नमस्कार केला. सासूबाईंनी मुलांकडे बघितलं, एकाकडे, मग दुसऱ्याकडे. भाऊजी उठायला लागले तर त्यांनीच हातानं खाली बसवलं. बाकी सभेला काका काय म्हणाले ते कळलं होतं, सासूबाई काय म्हणाल्या तेही. हात वर झाले. रुसेलचा हात उशिरा वर झाला, पण झाला. माझ्या नावावर जमीन नाही. मी भिंतीशी उभी होते.

रुसेल शेडीत लागला. घरी येऊन तो बराच वेळ अंग घासायचा, लिंबू चोळायचा, तरी वास जायचा नाही. निजायच्या टांगत्या झोळीत माझ्याकडे पाठ करून झोपायचा. मी एकदा पाठीवर हात ठेवला तर म्हणाला, राहू दे, तुला शिसारी येईल. नेइदीचा उजवा कान गेला तो गेलाच. मांडवाची पानं वाऱ्यानं उडाली, रुसेल आणि मी ती पुन्हा घातली नाहीत.

भाऊजी समुद्राकडे गेले. गाइड म्हणून त्यांना कोणी घेईना. एका मोठ्या हॉटेलनं आवारातच सिमेंटचा डोह बांधला होता, तिथं त्यांना काम मिळालं. मेलेल्या माणसांच्या सणाला ते घरी आले तेव्हा दंडांवरचा रंग पुरता निघालेला नव्हता. मी विचारल्यावर सांगितलं की जुन्या माया लोकांसारखा अंगाला रंग फासतात, डोक्याला पिसं बांधतात आणि पाहुणे पाण्यात उतरले की शंख फुंकायचा.

"पाणी कसं आहे?" मी विचारलं.

"स्वच्छ आहे, वहिनी. औषध घालतात. तळाला निळा रंग दिलाय." मग म्हणाले, "तिथं कोणी आजारी पडत नाही."

त्या बाईचं पोर कसं असेल, असं मी बोलून गेले. त्यांना काहीच माहीत नव्हतं. तिचा पत्ता नव्हता, आडनावही विचारायचं राहून गेलं होतं. "शेवटी ती आली तशी कोरडीच गेली," म्हणाले, "आणि मी काय केलं तेसुद्धा आता नीट सांगता येत नाही."

सणाचा मक्याच्या पिठाचा मोठा पाव भाजायच्या खड्ड्यातून निघाला. आम्ही सासऱ्यांच्या नावानं पान वाढलं. दोघे भाऊ शेजारी शेजारी जेवले आणि बसच्या वेळांबद्दल बोलले. डोहाकडे कोणी गेलं नाही. जिना कुजला होता आणि काकांनी तोंडाला तार बांधली होती.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळच्या बसला भाऊजी गेले. त्यांच्याबरोबर नेमेसियोकाकांचा थोरला मुलगा आणि माझा भाचाही गेला. शेडीतलं काम त्यांना सोसत नव्हतं, आणि हॉटेलला पिसं बांधणारी माणसं अजून हवी होती. सासूबाई बस वळेपर्यंत रस्त्यात उभ्या राहिल्या. मग आत आल्या, भाऊजींची निजायची झोळी आकड्यावरून काढली, घडी घातली आणि मला म्हणाल्या, चूल पेटव, रुसेल यायची वेळ झाली.