रिकाम्या खोलीची कॅसेट

सहा वर्षांपूर्वी आलेल्या त्या पत्राला माहितीपटवाल्याने उत्तर दिलं नव्हतं. पत्र होतं एका म्हाताऱ्या संग्राहकाचं. रिकाम्या खोल्यांची शांतता टेप करून जमवण्याचा त्यांना नाद होता. माहितीपटासाठी त्यांची मुलाखत घेताना टेप संपली, तेव्हा याने त्यांच्या फळीवरची एक कॅसेट लावून पाहिली. काहीच ऐकू येईना, म्हणून कोरी समजून तिच्यावरच मुलाखत टेप केली. त्या कॅसेटवर त्यांची बायको वारली त्या सकाळची तिच्या खोलीतली शांतता होती, हे त्याला पत्रातूनच कळलं. ‘एक कॅसेट सापडत नाही, तुमच्या सामानात आली का?’ एवढंच त्यांनी विचारलं होतं.

आज त्यांच्या लेकीचा फोन आला. “बाबांचे थोडेच दिवस उरलेत, दादा. सारखी तीच मागतात. ती तुमच्याकडे नसेल, तर तीच म्हणून दुसरी कुठलीही पाठवा. आम्हाला मेल्या सगळ्या मुक्याच वाटतात, त्यांना तरी काय कळणार?”

त्याने स्वतःच्या खोलीतली शांतता दहा मिनिटं टेप केली आणि ऐकली. म्हाताऱ्याला पहिल्या क्षणीच कळलं असतं. फोनवर सांगायची छाती होईना, म्हणून त्याने लिहिलं, ‘कॅसेट माझ्याकडेच आहे. पण त्या खोलीवर आता माझा आवाज आहे.’ आणि पाय मागे फिरायच्या आत त्याने पाकीट टपालपेटीत टाकलं.