मेहरूणच्या मातीनं घेतलेलं तोंड

मी मेहरूण तळ्याची माती बोलतेय. माती गरीब असते म्हणतात. मी नाही.

बत्तीस साली चुडामण मूर्तिकारानं मला खणून आणलं. भिजवलं, गाळलं, कापूस घालून तुडवलं. भाद्रपदात खान्देशातल्या पोरी महिनाभर घरात गुलाबाई मांडतात, त्या मूर्ती तो घडवायचा. त्या वर्षी मात्र मला बडवायचा तो थांबेचना.

त्याची एकुलती लेक भिकुबाई पाचोऱ्याला दिलेली. तापानं फणफणली तरी सासूनं, सुंदरबाईनं, तिला जात्यावर बसवलं. गेली तेव्हा माहेरी वेळेत निरोपही धाडला नाही. बाप पोचला तो राखेपाशी.

"माले मनी पोरनं तोंड दखू दिधं नही," तो बायकोला म्हणाला. "आते तिनी सासूले ते तोंड महिनाभर दखाडसू."

मग त्याचे अंगठे माझ्यावर फिरू लागले. गाल दाबला, पुसला, पुन्हा भरला. बांबूच्या कोरणीनं डोळे काढले. भिकुबाईच्या हनुवटीवरची खळी तीनदा मोडून पुन्हा केली. रोज ओलं फडकं गुंडाळून तो मला जपायचा. सासरी त्या पोरीला एवढं कुणी जपलं नव्हतं.

पाचोऱ्याच्या बाजारात बाकीच्या गुलाबाया खपल्या, मी गोणपाटाखाली. भिकुबाईची नणंद पुष्पी आली तेव्हाच त्यानं गोणपाट उचललं. पोरीनं वहिनीला ओळखलं आणि पैसे मोजले. घरी नेऊन आई बघायच्या आत मला कोनाड्यात मांडलं.

आरतीला आलेल्या सुंदरबाईच्या हातातलं ताट कलंडलं. "हाई कोठेन आनी? वापस दी ये."

"बसाडेल गुलाबाई कोनी उठाडस का, माय?"

कोजागिरीआधी मांडलेली गुलाबाई हलवली तर घराचं वाईट होतं, असं मानतात. म्हातारी देवाला भिणारी, सुनेला तेवढी भ्यायली नव्हती. रोज संध्याकाळी गल्लीतल्या पोरी सासुरवासाची गाणी म्हणत आणि ती माझ्यापुढं दिवा धरून उभी. तिचं अन्न तुटलं. मला फार बरं वाटायचं, खोटं कशाला बोलू?

कोजागिरीला तिनं मला विसर्जनाला नदीवर नेलं आणि तळव्यानं माझं तोंड घासायला लागली. कापसानं धरलेलं नाक लवकर जाईना. शेवटी गेलं.

आता मी नदीतला गाळ. ती धुणं घेऊन येते, मी तिच्या टाचांना चिकटते. बायांनो, सुनेला छळाल तर माती लक्षात ठेवते, एवढंच सांगते.

वर्ष सरलं, पुन्हा भाद्रपद आला. काल पुष्पी शेजारी लुगडं पिळत होती.

"माय, ह्या साले बी गुलाबाई मीच लई येसू."

म्हातारीचे हात पाण्यातच राहिले.