सरस्वतीबाईंचा पत्ता

प्राध्यापक दिनानाथ ठोसरांची पुस्तकं सात, आणि मनापासून वाचणारे फार तर आठ. समाजधोरणावर लिहिणाऱ्यानं याहून जास्त आशा धरूही नये. बायको गेल्यापासून कामोठ्याच्या फ्लॅटमध्ये ते एकटेच. फोन वाजलाच तर बँकेचा.

पहिलं पुस्तक, सरकारनं जमिनी घेतल्यावर इथल्या गावांतल्या बायांचं काय झालं, यावरचं. त्यातल्या पावणे गावच्या सरस्वतीबाई बावीस वर्षांपूर्वी नऊ दुपारी त्यांच्याशी बोलल्या होत्या. शेवटच्या दुपारी सर निघताना त्यांनी बजावलं होतं, "पुस्तक झाला का मना आनून दे." सर ते पुस्तक घेऊन दिल्लीपर्यंत परिषदा करून आले; पावण्याला जाणं तेवढं राहून गेलं. आयुष्यात त्यांचं पुस्तक मागणारी ती एकच बाई. हे आता एकट्यानं जेवताना घशात अडकायला लागलं, तेव्हा एका सकाळी उरलेली शेवटची प्रत पिशवीत घालून ते पावण्याला निघाले.

"सरस्वतीबाई? नाय बा," किराणावाला म्हणाला. चक्कीवाल्यालाही ठाऊक नाही, शेजारपाजारच्या घरांतही नाही. दमून सर देवळाच्या पायरीवर टेकले आणि एकदम त्यांच्या लक्षात आलं. सरस्वती हे नाव त्यांनीच ठेवलेलं! माहिती देणाऱ्याचं खरं नाव छापायचं नाही, हा त्यांच्या कामाचा नियम. खऱ्या नावांची यादीसुद्धा त्यांनी जाळून टाकली होती, आणि विद्यार्थ्यांना ते अभिमानानं सांगत. आता डोकं कितीही खाजवलं तरी खरं नाव आठवेना.

"कोनाला शोधतंस रं?" पलीकडे सुपात सुकट निवडत बसलेल्या म्हातारीनं विचारलं.

सांगायला नावच नव्हतं. सरांनी पुस्तक उघडून त्या बाईचं बोलणंच वाचलं, "मिठागर गेलं तेव्हा मी रडले नाही. पण पहिल्यांदा मीठ विकत आणलं..."

"...त्या दिशी जेवले नाय," म्हातारी म्हणाली.

सरांनी पुस्तक तिच्यापुढं धरलं. मग तिनं पदराला हात पुसून पुस्तक घेतलं, पानांवरून बोटं फिरवली. "यात माजा नाव कुठं हाय?"

"नाही. बदललं होतं," सर म्हणाले. "आणि मी विसरलो. तुमचं नाव काय?"

"शेवंता." ती रागावली नाही, हेच त्यांना जास्त लागलं. "नऊ दुपारी माज्या ओट्यावर बसलास. मी सगला सांगला, तू तुजा काय पन नाय. तुजा नाव काय रं?"

त्यांचं नाव तिच्या हातातच, पुस्तकावर ठळक छापलेलं होतं. पण तिला वाचता येत नव्हतं.

"दिनानाथ."

"घरी कोन कोन हाय?"

त्यांच्या प्रश्नावलीतला हा पहिला प्रश्न. हजारो घरांत त्यांनी तो विचारला होता, उत्तरापुढं खूण करून पुढच्या प्रश्नाला गेले होते. शेवंताबाई सुकटीचं सूप बाजूला सारून उत्तराची वाट बघत बसल्या.

"कुणी नाही," दिनानाथ म्हणाले, आणि भर सकाळी, देवळाच्या पायरीवर, त्यांना रडू फुटलं.